झेवियर म्हणजे नवे घर

पाळणा सजला आहे. घुगऱ्या, पेढे, हळदकुंकू, ओटीचे ताट, सगळे तयार. आत्याबाई पुढे होतात, बाळाच्या कानात कुर्र करतात आणि मोठ्याने सांगतात, "बाळाचं नाव देशमुख!"

काय होईल, मैत्रिणींनो? जमलेल्या बायका आधी एकमेकींकडे बघतील, मग कुणीतरी पदर तोंडाला लावील आणि सगळ्यांनाच हसू फुटेल. आपल्याकडे नाव ते नाव आणि आडनाव ते आडनाव. आडनाव बाळाला वडिलांकडून आपोआप मिळते. त्यासाठी कुणी पंचांग बघत नाही, की नावांचे पुस्तक चाळत नाही.

पण जरा आजूबाजूला बघा. वसई, वांद्रे, गोवा इथल्या ख्रिस्ती घरांतून विल्सन, नेल्सन, स्टॅन्ली ही नावे आपण किती सहज ऐकतो! ही सगळी मुळात इंग्रजी आडनावे. विल्सन म्हणजे विलचा मुलगा, नेल्सन म्हणजे नीलचा मुलगा. स्टॅन्ली हे तर गावाचे नाव, त्याचा अर्थ दगडाळ माळ. म्हणजे पाळण्यात आडनाव घालण्याचा प्रकार आपल्या शेजारी पिढ्यान्‌पिढ्या चालू आहे, आपल्या लक्षात आला नाही इतकेच.

या नावांत सर्वांत जुने, सर्वांत दूरवर गेलेले आणि आपल्या भागाशी सर्वांत जवळचे नाते असलेले नाव म्हणजे झेवियर. आपल्या मध्यमवर्गी घरांत झेवियर म्हटले की आधी कॉलेज आठवते. "आमची धाकटी झेवियर्सला आहे," असे सांगताना आईचा चेहरा कसा खुलतो! मुंबईचे ते कॉलेज १८६९ साली निघाले. पण ज्या संताचे नाव त्याला दिले, त्या संताचे पाळण्यातले नाव झेवियर नव्हतेच. ते होते फ्रान्सिस्को. झेवियर हे आडनाव. आणि गंमत पुढेच आहे. हे आडनाव त्याला वडिलांकडून आलेले नाही. ते त्याच्या आईच्या घराचे नाव आहे.

घर नवे

स्पेनच्या उत्तरेला, फ्रान्सच्या सरहद्दीवरच्या पिरेनीज डोंगरांच्या पायथ्याशी नवारा नावाचा प्रांत आहे. पूर्वी ते स्वतंत्र राज्य होते. तिथल्या बऱ्याच भागात बास्क लोकांची वस्ती. या लोकांची भाषा मोठी नवलाची. आजूबाजूच्या स्पॅनिश, फ्रेंच भाषांशी तिचे काही नाते नाही. या बास्क भाषेत 'एचे' म्हणजे घर आणि 'बेरी' म्हणजे नवे. आपण 'नवे घर' म्हणतो, ते 'घर नवे' म्हणतात. एचेबेरी! हाच शब्द बोलता बोलता झिजून शाविएर झाला आणि नवाऱ्यातल्या एका गावाचे व तिथल्या गढीचे नाव होऊन बसला. तेच आपले झेवियर.

नावांच्या काही पुस्तकांत झेवियरचा अर्थ 'तेजस्वी' असा छापलेला असतो आणि शब्द अरबी असल्याचे सांगितलेले असते. कानाला छान वाटते, पण ते खरे नाही. अर्थ साधाच आहे. नवे घर.

आणि आपल्याला तो परका वाटायचे काही कारण नाही. नवघरे हे आडनाव आपल्याकडे आहेच. नवघर नावाची गावे तर कितीतरी. भाईंदरला नवघर आहे, मुलुंडला नवघर आहे. वसई रोड स्टेशनच्या आसपासचा भाग म्हणजे नवघर-माणिकपूर. २००९ साली वसई-विरार महापालिका झाली, तोवर तिथे याच नावाची नगरपरिषद होती. या भागात ख्रिस्ती वस्ती जुनी. म्हणजे नवघरात राहणाऱ्या एखाद्या झेवियरच्या पत्त्यात 'नवे घर' दोनदा येते म्हणायचे!

बास्क मुलखात घराला फार मान. माणूस घराला नाव देत नसे, घर माणसाला नाव देई. डोंगराळ भागात जमीन थोडी, तिचे तुकडे पाडले तर कुणाचेच पोट भरायचे नाही. म्हणून सगळे घरदार एकाच वारसाकडे जाई. हा वारस मुलगाच असला पाहिजे असे नव्हते, मुलगीही असू शकत असे. अशी वारस मुलगी लग्न करी, तेव्हा नवरा तिच्या घरी येई आणि लोक त्याला तिच्या घराच्या नावाने ओळखू लागत. ऐकून बरे वाटले ना?

आईचा वाडा

झेवियर गढीची वारस होती मारिया दे आस्पिल्क्वेता. तिचा नवरा हुआन दे हासो हा बोलोन्याच्या विद्यापीठात कायदा शिकलेला, नवाराच्या राजाच्या मंत्रिमंडळाचा अध्यक्ष, मोठा मातबर माणूस. पण संसार थाटला तो बायकोच्या वाड्यात. आपल्याकडे त्याला घरजावई म्हटले असते! ७ एप्रिल १५०६ रोजी याच गढीत त्यांना शेंडेफळ झाले. तोच फ्रान्सिस्को.

या घरातल्या मुलांची नावे बघितली तर आपल्या शाळेतल्या कारकुनाला घेरीच येईल. थोरला भाऊ मिगेल, तो गढीचा वारस म्हणून 'दे झेवियर'. मधला हुआन, तो आईचे माहेरचे नाव लावून 'दे आस्पिल्क्वेता'. बहीण मादालेना, ती वडिलांकडचे नाव लावून 'दे हासो'. एकाच आईची मुले आणि आडनावे तीन! त्या काळी तिथे यात कुणाला वावगे वाटत नसे. जो ज्या घराचा वारसा पुढे नेणार, त्याने त्या घराचे नाव लावावे, असा साधा हिशेब. धाकट्या फ्रान्सिस्कोलाही लोक गढीच्या नावाने ओळखू लागले.

सुखाचे दिवस मात्र लवकर सरले. १५१२ साली शेजारच्या कास्तीलच्या फौजांनी नवारा जिंकून घेतले. तीन वर्षांनी, १५१५ साली, वडील वारले. फ्रान्सिस्को तेव्हा नऊ वर्षांचा. त्याच्या पुढच्याच वर्षी कास्तीलच्या हुकमावरून झेवियर गढीचे बुरूज पाडण्यात आले. नऊ-दहा वर्षांच्या पोराने आपल्या डोळ्यांदेखत आईचे घर पाडताना बघितले. 'नवे घर' असे नाव असलेल्या त्या गढीत आता भिंती पडक्या, उत्पन्न आटलेले, आणि घर सांभाळणारी एक विधवा. दोघे थोरले भाऊ नवाराच्या बाजूने लढायला गेले, त्यांच्या जिवाची काळजी वेगळीच. त्या काळातल्या लढायांच्या हकिगती पुस्तकांतून सापडतात. पडक्या वाड्यात मारियाने इतकी वर्षे चूल कशी पेटती ठेवली, त्याबद्दल कुणी फारसे लिहिलेले नाही. पण आपल्याला ते न लिहिताही कळते.

१५२५ साली फ्रान्सिस्को शिकण्यासाठी पॅरिसला गेला. परदेशातले शिक्षण म्हणजे खर्चाचे काम. घरात पैशाची ओढाताण, तेव्हा त्याचे शिक्षण थांबवावे असा विचार निघाला. बहीण मादालेना तोवर गांदिया गावच्या मठात जोगीण होऊन तिथली प्रमुख झाली होती. परंपरेने सांगतात की तिनेच मठातून निरोप धाडला, काहीही करा पण त्याचे शिक्षण थांबवू नका, त्याच्या हातून मोठे काम व्हायचे आहे. शिक्षण चालू राहिले. आई १५२९ साली वारली. मुलाची पुन्हा भेट झाली नाही.

पॅरिसमध्ये त्याच्या खोलीवर राहायला आला इग्नेशियस लोयोला. हाही बास्कच. पण १५२१ साली पांप्लोना शहराच्या लढाईत तो कास्तीलच्या बाजूने लढला होता, म्हणजे फ्रान्सिस्कोच्या भावांच्या विरुद्ध बाजूने. तोफेच्या गोळ्याने त्याचा पाय मोडला होता. एके काळचे शत्रू एका खोलीत राहिले, मित्र झाले, आणि १५३४ साली त्यांनी आणखी पाच जणांबरोबर धर्मकार्याची शपथ घेतली. पुढे याच मंडळींतून जेझुइट संघ उभा राहिला.

गोव्याची वाट

आपल्या पस्तिसाव्या वाढदिवशी, ७ एप्रिल १५४१ रोजी, फ्रान्सिस झेवियर लिस्बनहून जहाजात बसले. तेरा महिन्यांच्या प्रवासानंतर ६ मे १५४२ रोजी ते गोव्याला उतरले. पुढची दहा वर्षे ते सतत फिरत होते. तामिळनाडूच्या किनाऱ्यावरचे कोळी, मलाक्का, पूर्वेकडची बेटे, जपान. आपल्या वसईलाही ते येऊन गेले. ३ डिसेंबर १५५२ रोजी चीनच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर, चीनमध्ये पाऊल टाकण्याआधीच, त्यांना मरण आले. वय अवघे शेहेचाळीस. १५५४ च्या मार्चमध्ये त्यांचा देह गोव्याला आणला गेला. आज तो जुन्या गोव्यात बॉम जेझूसच्या चर्चमध्ये चांदीच्या पेटीत आहे. दर दहा वर्षांनी तो दर्शनासाठी खाली आणतात. याआधीचे दर्शन २१ नोव्हेंबर २०२४ ते ५ जानेवारी २०२५ या काळात झाले. एरवीही दर ३ डिसेंबरला तिथे मोठे फेस्त असते. गोव्यातले लोक त्यांना 'गोंयचो सायब' म्हणतात. दर्शनाच्या रांगेत हिंदू बायकाही असतात, हे ज्यांनी पाहिले आहे त्यांना सांगायला नको.

पण नावाचा इतिहास सांगायला बसलो की त्यातले कडू घोटही सांगावे लागतात. गोव्यात धर्मन्यायालय, म्हणजे इन्क्विझिशन, आणावे असे झेवियर यांनी १५४६ साली पोर्तुगालच्या राजाला पत्राने कळवले होते. ते आले त्यांच्या मृत्यूनंतर, १५६० साली, आणि मधला थोडा काळ सोडला तर १८१२ पर्यंत त्याचा जाच लोकांनी सोसला. याच पोर्तुगीज अमलात हजारो माणसांचा धर्म बदलला आणि त्याबरोबर नावे-आडनावेही बदलली. काल जो प्रभू, कामत किंवा नाईक होता, तो आज फर्नांडिस नाहीतर परेरा झाला. बाप्तिस्म्याच्या वेळी जो धर्मपिता उभा राहिला त्याचे, किंवा पाद्रीबाबांचे आडनाव घ्यायचे. परेरा म्हणजे पोर्तुगीज भाषेत नाशपातीचे झाड, डिसिल्वा म्हणजे रानातला, डिकोस्टा म्हणजे किनाऱ्यावरचा. ज्या गावात कधी नाशपाती पिकली नाही त्या गावात घरोघरी परेरा झाले! कितीतरी घरांनी आपली जुनी नावे मनात जपून ठेवली. आपले पूर्वज अमुक घराण्यातले, हे आजही अनेक गोवेकर ख्रिस्ती घरांत सांगितले जाते.

ज्या संताला स्वतःच्या आईच्या घराचे नाव शेवटपर्यंत लावता आले, त्याच्याच काळात आणि त्याच्याच धर्माच्या नावाने इतरांच्या घरांची नावे पुसली गेली. हेही लक्षात ठेवू या.

आडनावाचे नाव कसे झाले?

१२ मार्च १६२२ रोजी पोपने फ्रान्सिस झेवियर यांना संतपद दिले. त्यांचे मित्र इग्नेशियस लोयोला यांनाही त्याच दिवशी. मग आईबाप आपल्या मुलांना या नव्या संताचे नाव ठेवू लागले. पण एक अडचण आली. फ्रान्सिस नावाचा एक थोर संत आधीच होता, असिसीचा. आपला मुलगा कुठल्या फ्रान्सिसच्या नावाचा, हे लोकांना कळणार कसे? म्हणून 'फ्रान्सिस झेवियर' अशी जोडीच पाळण्यात आली. काही पिढ्यांनी जोडीतले पहिले नाव गळले आणि नुसता झेवियर उरला. घरात हाक मारताना आपणही लांब नावाचे एकच टोक धरतो, तसेच.

मग हे नाव देशोदेशी गेले आणि प्रत्येक भाषेने त्याला आपल्या घरचे कपडे घातले. स्पेनमध्ये ते हाविएर झाले. इटलीत सावेरियो. पोर्तुगालमध्ये शाविएर. इंग्रजांनी झेवियर केले. तामिळनाडूत सवेरियार, केरळात सेव्यर. गोव्यातल्या जुन्या पिढीतल्या आज्या 'शाविएर' म्हणतात तेव्हा इंग्रजी शाळेत शिकलेली नातवंडे कधी कधी हसतात. हसू नका रे, म्हणावं! संताच्या काळी नवाऱ्यात या नावाचा पहिला उच्चार 'श' असाच होता. पुढे स्पॅनिश भाषेत 'श'चा 'ह'सारखा उच्चार झाला, म्हणून आज स्पेनमध्ये हाविएर म्हणतात. इंग्रजांचा 'झ' त्याहून वेगळा. म्हणजे गोव्याच्या आजीचा उच्चारच मूळ नावाच्या सर्वांत जवळचा.

अमेरिकेतही एकविसाव्या शतकात झेवियर हे नाव मुलग्यांच्या पहिल्या शंभर नावांत जाऊन बसले. तिथे ते ठेवणाऱ्या कितीतरी आईबापांना संत ठाऊक नसतो, गोवा तर नाहीच नाही.

मुलींनाही मिळाले

हे नाव मुलग्यांपुरतेच राहिले असे समजू नका. दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशात हाविएरा हे मुलींचे आवडते नाव. त्या देशाच्या स्वातंत्र्यलढ्यातली हाविएरा कारेरा (१७८१–१८६२) ही बाई शाळकरी मुलांनाही माहीत आहे. चिलीचा पहिला झेंडा तिने शिवला असे तिथे मानतात.

इटलीतल्या फ्रान्सेस्का काब्रिनीची गोष्ट आणखी वेगळी. १८५० साली जन्मलेल्या या मुलीला लहानपणापासून झेवियरसारखे चीनला जायचे होते. जोगीण झाल्यावर तिने आपल्या नावात झेवियर हे नाव घालून घेतले. पोपने मात्र तिला पूर्वेकडे नाही, पश्चिमेकडे धाडले. १८८९ साली ती न्यूयॉर्कला उतरली, तिथे पोट भरायला आलेल्या गरीब इटालियन कुटुंबांसाठी. शाळा, दवाखाने, अनाथाश्रम मिळून तिने सदुसष्ट संस्था उभ्या केल्या. १९१७ साली ती वारली आणि १९४६ साली संत ठरली. तिने आईबापांनी दिलेले नाव टाकले नाही, त्याला आपल्या आवडीच्या माणसाचे नाव जोडले. दोन्ही ठेवता येतात, हे तिने दाखवले.

याच्या उलट गोष्ट शांताल या फ्रेंच नावाची. फ्रान्समध्ये विसाव्या शतकात हे मुलींचे फार लाडके नाव झाले. तेही आडनावच, एका संत बाईच्या नावातले. पण ते तिच्या माहेरचे नव्हते, नवऱ्याच्या जहागिरीचे होते. जान फ्रेमियो ही दिजों गावची मुलगी १५९२ साली लग्न होऊन शांतालची जहागीरदारीण झाली, १६०१ साली चार लहान मुले पदरात असताना विधवा झाली, पुढे तिने जोगिणींचा संघ काढला. १७६७ साली ती संत शांताल झाली. आज शांताल नावाच्या ज्या बायका आहेत, त्या तिच्या सासरच्या नावाने ओळखल्या जातात. फ्रेमियो कुणाच्याच पाळण्यात गेले नाही.

माहेरचे नाव कुठे जाते?

आता आपल्या घरी येऊ या. आपल्या लग्नात ताटात तांदूळ पसरतात आणि नवरा सोन्याच्या अंगठीने त्यावर बायकोचे नवे नाव लिहितो. सगळे जण वाकून बघतात, टाळ्या होतात, पेढे वाटतात. त्या ताटात नवे नाव उमटते तेव्हा जुने कुठे जाते, हा प्रश्न त्या गर्दीत कोण विचारणार? पुष्कळ जणींचे आडनावच काय, आईने हौसेने ठेवलेले नावही त्या दिवशी बदलते. हल्ली बऱ्याच मुली नाव बदलत नाहीत, किंवा दोन्ही आडनावे लावतात. लग्नानंतर नाव बदललेच पाहिजे असा कायदा नाही, हे पुष्कळांना माहीत नसते.

इतर देशांत यावर निरनिराळ्या वाटा काढलेल्या दिसतात. इंग्रज आणि अमेरिकन बायका लग्नानंतर नवऱ्याचे आडनाव घेत आल्या, पण आपले माहेरचे आडनाव मुलाच्या नावात घालण्याची चाल त्यांच्यात आहे. अमेरिकेचे अध्यक्ष जॉन फिट्झजेराल्ड केनेडी. त्यातले फिट्झजेराल्ड म्हणजे त्यांच्या आईचे माहेरचे आडनाव. अध्यक्ष फ्रँकलिन डेलॅनो रूझवेल्ट यांच्या नावातले डेलॅनो हेही आईचेच. पेपरात आपण ही नावे वर्षानुवर्षे वाचली. मधल्या नावात एक आई बसली आहे, हे कुणी सांगितले नव्हते. स्पेनमध्ये बायको लग्नानंतर आडनाव बदलत नाही आणि मूल दोघांचीही आडनावे लावते. कुणाचे आधी लावायचे ते २०१७ सालापासून आईबाप आपसात ठरवतात.

आपल्याकडेही वारे बदलते आहे. महाराष्ट्र सरकारने १ मे २०२४ पासून जन्मणाऱ्या मुलांसाठी सरकारी कागदपत्रांत बाळाचे नाव, मग आईचे नाव, मग वडिलांचे नाव आणि शेवटी आडनाव, असा क्रम ठरवून दिला आहे. आणि २८ जुलै २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने एका खटल्यात सांगितले की वडिलांच्या निधनानंतर मुलाची एकमेव नैसर्गिक पालक असलेल्या आईला मुलाचे आडनाव ठरवण्याचा अधिकार आहे. संसाराचा गाडा एकटीने ओढणाऱ्या बाईला हे माहीत असायला हवे.

बारशाआधी एवढे करा

नाव कुठल्याही धर्माचे, कुठल्याही भाषेचे असो, घरात पाळणा हलणार असेल तर या चार गोष्टी ध्यानात असू द्या.

अर्थ तपासा. नावांच्या पुस्तकातल्या अर्थावर डोळे झाकून विश्वास ठेवू नका. शब्द कुठल्या भाषेतला, आधी ते बघा. त्या भाषेतले कुणी जाणकार मिळाले तर विचारा. 'तेजस्वी' वाचून ठेवलेले नाव पुढे 'नवे घर' निघाले तर बिघडत काही नाही, पण मूल मोठे होऊन विचारील तेव्हा आपल्याला खरे उत्तर देता यावे.

नाव पूर्ण म्हणून बघा. बाळाचे, आईचे, वडिलांचे नाव आणि आडनाव, असे चारही शब्द मोठ्याने दोन-तीनदा म्हणा. जीभ अडखळत असेल तर शाळेत हजेरी घेताना बाईंचीही अडखळणार.

लिखाण एकच ठेवा. दवाखान्याच्या कागदावर एक, नगरपालिकेत दुसरे आणि शाळेत तिसरे, असे झाले की पुढे पासपोर्टाच्या वेळी हेलपाटे ठरलेले. इंग्रजी अक्षरे कुठली, तेही बारशाआधीच ठरवून वहीत लिहून ठेवा.

नोंद वेळेवर करा. जन्माची नोंद एकवीस दिवसांत व्हायला हवी. नाव ठरले नसेल तर नावाशिवायही नोंद होते. मग बारा महिन्यांच्या आत नाव फुकट घालता येते. त्यानंतर उशिराचा आकार भरून पंधरा वर्षांपर्यंत घालता येते. नावाचा घोळ मिटला नाही म्हणून नोंद अडवून ठेवू नका.

आणि पाचवी गोष्ट, ही बारशाची वाट न बघता आजच करण्यासारखी. आपल्या आजीचे लग्नाआधीचे नाव-आडनाव काय होते? पणजीचे? आठवत नसेल तर आई, मावशी, मामा यांना विचारा. ही माणसे आहेत तोवरच ते कळणार आहे. आत्ताच बघा, वडिलांकडचे पाच पिढ्यांचे पुरुष सांगता येतात, पण आईच्या आईचे माहेर सांगताना आपण अडतो. घरच्या हिशेबाच्या वहीच्या शेवटच्या पानावर एक रकाना आखा. नाव, माहेरचे आडनाव, माहेरचे गाव, आणि लग्नानंतरचे नाव. दहा ओळींचे काम. त्यातले एखादे नाव कदाचित तुमच्या नातीच्या पाळण्यात जाईल.

नवाऱ्यातल्या मारियाची पडकी गढी पुढे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस पुन्हा बांधून काढली. दर मार्चमध्ये हजारो तरुण पोरे-पोरी तिथे पायी यात्रा करतात. ३ डिसेंबर हा साऱ्या नवाराचा सुट्टीचा दिवस असतो. एका बाईच्या घराचे नाव तिच्या धाकट्या मुलाने लावले, म्हणून ते टिकले.